शुद्धिपत्र

कुमुदिनी चुरींच्या पुस्तकाची मुद्रितं
पहिल्या आवृत्तीपासून अकरावीपर्यंत मीच तपासली.
पहिल्या वेळी त्या स्वतः आल्या, माहीमहून गिरगावात,
खिळ्यांच्या छापखान्यात,
हस्तलिखित पत्र्याच्या डब्यात, वर फडकं बांधलेलं,
जणू कुणाला जेवण पोचवायचं होतं.

मी म्हटलं, बाई, दर पाककृतीत मीठ मोजलंय तुम्ही,
सव्वा चमचा, पाऊण चमचा,
सगळे लिहितात तसं ‘चवीपुरतं’ करू का?
त्या म्हणाल्या, ज्या मुलीला नव्या घरात
चव विचारायची सोय नाही
तिच्यासाठी लिहितेय मी.
मी पेन्सिल खाली ठेवली.

तरी घात माझ्याच हातून झाला.
पान चौसष्ट, बोंबलाचं कालवण,
मीठ सव्वा वाटी.
दोन हजार प्रती शिवून तयार.
शुद्धिपत्र चिकटवू म्हणालो, तर म्हणतात,
भुकेलं माणूस शेवटचं पान बघत नाही.
नऊ दिवस येऊन बसल्या,
निळ्या शाईने, एकेक प्रत उघडून,
वाटी खोडून चमचा.
दहाव्या दिवशी माझ्यासाठी सुकटीची चटणी.
मीठ बेताचं.
रागाचा एक शब्द नाही. तो कधीतरी येईल
म्हणून मी अजून सावध असतो.

बँकेत विचारलं, यजमानांची सही?
म्हणाल्या, यजमान तिखट खात नाहीत.
कर्ज अर्थात मिळालं नाही.
प्रकाशकाने मानधनाऐवजी तीनशे प्रती दिल्या होत्या,
त्या शाळांच्या फाटकांशी उभं राहून विकल्या
आणि लालबागेत एक जुना डंक घेतला.
भोंगे गप्प झाल्याचं ते वर्ष.
साच्यावर हात बसलेल्या अनुसया कोयंडे
मिरच्यांचे देठ खुडू लागल्या,
मग त्यांच्या जावा, मग अख्खा मजला.
पाकिटावर नाव कुणाचं घालायचं
यावर तेवढं भांडण झालं. शेवटी नुसतं ‘कुमुद’.

एकदा बड्या कंपनीचे दोघे टाय लावून आले.
यातलं गुपित आम्हाला विकणार का?
पान एकशे बारा, त्या म्हणाल्या,
चाळीस रुपयांना मिळतं,
दादरला कुठल्याही दुकानात.

अकराव्या आवृत्तीला त्यांनी मला घरी बोलावलं.
दार लावून घेतलं. विचारलं,
‘खमंग वास सुटेपर्यंत’
किती वेळा आलंय हो पुस्तकात?
मी मोजलं. एकशे सेहेचाळीस.
सगळीकडचं काढायचं.
टाळेबंदीतल्या तापात वास गेला तो गेलाच,
दोन वर्षं कारखान्यात कुणाला कळू दिलं नाही.
अनुसयाबाईंची नात शेजारी उभी राहते,
माल बरोबर असला की नाक खाजवते.

म्हणाल्या, माझ्यासारख्या आता कितीतरी असतील,
त्यांनी काय करायचं?
मग आम्ही दोघं, वयं मिळून दीडशेच्या वर,
कढईशी बसलो.
धने चिमटीत चुरचुरले की पुरे.
कांद्याची कड सुपारीच्या रंगाला आली की.
खोबरं उलथण्याला बिलगायचं थांबलं की.
एकशे पंचेचाळीस जागा अशा भरल्या.

एक राहिली. पान चौसष्ट.
नजरचूक म्हणा. त्यांनी ती पकडली,
निळं पेन उघडलं, आणि तसंच धरून
मला विचारलं,
कसा असतो हो कालवणाचा वास?
पन्नास वर्षं मी दुसऱ्यांचे शब्द नीट केले,
माझा एक निघेना.
खाली गाळ्यात तिखट कुटत होते.
मला शिंक आली, एकच, सणसणीत.

संकेश्वरी कुटतायत, त्या म्हणाल्या,
बेडगीला तुम्ही दोनदा शिंकता.